ह्युगोला मत कसं द्यायचं: पन्नास डॉलर, सहा कथा आणि एक उलटा क्रम

पहिल्या वर्षी मी ह्युगोचं, म्हणजे सायन्स फिक्शन आणि फँटसीसाठीच्या ह्युगो बक्षिसाचं, बॅलट (मतपत्रिका) भरलं तेव्हा सगळ्यात आवडलेल्या कथेसमोर ६ लिहिलं आणि सगळ्यात टुकार वाटलेल्या कथेसमोर १. डोक्यात आपलं ते स्टार रेटिंग, जास्त आकडा म्हणजे जास्त चांगलं. दोन दिवसांनी जेवताना घास तोंडात असताना एकदम लक्षात आलं की अरे हा क्रम आहे, मार्क नाहीयेत, १ म्हणजे पहिला नंबर! तसाच उष्ट्या हाताने उठून फोन घेतला. नशिबाने मुदत संपेपर्यंत बॅलट कितीही वेळा बदलता येतं, त्यामुळे वाचलो. नाहीतर ज्या ड्रॅगनवाल्या कथेला मी शिव्या घालत होतो तिलाच माझं पहिलं मत गेलं असतं.

तेव्हापासून ठरवलं होतं की कधीतरी हे सगळं नीट लिहून काढायचं. मराठीत फँटसी वाचणारे, इंग्रजीतून जादूच्या कादंबऱ्या फडशा पाडणारे भरपूर लोक आहेत, पण यातल्या बहुतेकांना वाटतं की ह्युगो अवॉर्ड म्हणजे अमेरिकेत कोणीतरी सूटबूटवाले परीक्षक बसून देतात. तसं नाहीये. हे बक्षीस वाचक देतात. म्हणजे तुम्ही. पैसे भरून सभासद झालात की पुण्यात, डोंबिवलीत नाहीतर मडगावात बसून मत देता येतं, आणि त्या मताची किंमत न्यूयॉर्कच्या एखाद्या नामांकित संपादकाच्या मताइतकीच, ना एक पैसा कमी ना जास्त.

आधी थोडं काय भानगड आहे ते

ह्युगो पहिल्यांदा दिले गेले १९५३ साली, फिलाडेल्फियाच्या वर्ल्डकॉनमध्ये. वर्ल्डकॉन म्हणजे सायन्स फिक्शन आणि फँटसीवाल्यांचं जागतिक संमेलन, दरवर्षी वेगळ्या गावात भरतं. साहित्य संमेलनासारखंच समजा, फक्त मांडव, फेटे आणि अध्यक्षीय भाषणावरचे वाद वजा (वाद वेगळे असतात, त्यावर येतोच). नाव पडलं ह्युगो गर्न्सबॅक यांच्यावरून, ज्यांनी १९२६ मध्ये फक्त सायन्स फिक्शनला वाहिलेलं मासिक काढलं. ट्रॉफी म्हणजे एक उभं रॉकेट. रॉकेट साधारण तेच राहतं, खालचा पाया यजमान शहर दरवर्षी नवीन डिझाइन करतं. रोख रक्कम शून्य. पण पुस्तकाच्या कव्हरवर ह्युगो विनर असं छापून आलं की पुस्तकाचं नशीब पालटतं, त्यामुळे लेखक मंडळी त्या रॉकेटसाठी जीव टाकतात.

ट्रॉफी रॉकेटची असल्यामुळे एक गैरसमज असा की हे फक्त अंतराळयानवाल्यांसाठी आहे. अजिबात नाही, नियमातच सायन्स फिक्शन किंवा फँटसी असं लिहिलंय. २००१ साली हॅरी पॉटरच्या चौथ्या भागाला बेस्ट नॉव्हेल मिळालंय, २००५ साली सुझॅना क्लार्क यांच्या इंग्लंडमधल्या दोन जादूगारांच्या कादंबरीला. आणि २०१६, १७, १८ अशी लागोपाठ तीन वर्षं एन. के. जेमिसिन यांनी एकाच मालिकेच्या तीन भागांसाठी नेलं, असं आधी कोणालाच जमलं नव्हतं.

ज्यांना निव्वळ जादूच हवी, यानबिन नको, त्यांच्यासाठी वर्ल्ड फँटसी अवॉर्ड हे वेगळं बक्षीस आहे, १९७५ पासून. पण तिथे मुख्य काम परीक्षकांचं असतं. सभासदांच्या मतांवर प्रत्येक प्रकारात दोन नावं यादीत जातात, बाकीची परीक्षक घालतात आणि विजेताही तेच ठरवतात. तिथल्या ट्रॉफीची एक गंमत आहे, आधी लव्हक्राफ्ट या लेखकाचा मुखवट्यासारखा अर्धपुतळा द्यायचे, त्यांच्या वंशद्वेषी लिखाणावरून वाद पेटला, २०१५ नंतर तो बंद केला आणि आता झाडामागे चंद्र अशी ट्रॉफी आहे. असो. आपण ह्युगोवर येऊ, कारण घरी बसून शेवटपर्यंत हातात सूत्रं असतात ती इथेच.

पायरी पहिली: सभासद व्हा, पण कुठलं ते नीट बघून

वर्ल्डकॉनच्या त्या वर्षीच्या वेबसाइटवर गेलात की दहा प्रकारची मेंबरशिप दिसते आणि माणूस गांगरतो. तुम्हाला हवी ती फक्त डब्ल्यूएसएफएस (वर्ल्ड सायन्स फिक्शन सोसायटी, वर्ल्डकॉनमागची संस्था) मेंबरशिप. अटेंडिंग नको, ती प्रत्यक्ष जाणाऱ्यांसाठी आणि चांगली महाग असते. नुसती डब्ल्यूएसएफएसवाली अलीकडे साधारण ५० डॉलरच्या आसपास पडते, म्हणजे आपले साडेचार हजारांच्या घरात धरून चाला. हो, स्वस्त नाही. पण पुढे पॅकेटबद्दल सांगतो ते वाचा आणि मग ठरवा.

तारखेचा मुद्दा सगळ्यात महत्त्वाचा: नॉमिनेशन करायचं असेल, म्हणजे अंतिम यादीसाठी नावं सुचवायची असतील, तर ३१ जानेवारीपर्यंत सभासद झालेलं असलं पाहिजे. नंतर झालात तर त्या वर्षी फक्त शेवटचं मतदान करता येतं. आणि एक गोष्ट बऱ्याच जुन्या लोकांनाही माहीत नसते, यंदाच्या वर्ल्डकॉनचे सभासद पुढच्या वर्षीही नॉमिनेशन करू शकतात, मतदान मात्र नाही. म्हणजे एका फीमध्ये दोनदा नॉमिनेशन आणि एकदा मत. मी काय करतो, एक वर्ष आड पैसे भरतो. ज्या वर्षी भरले नसतील त्या वर्षी नॉमिनेशन टाकून गप्प बसतो.

पेमेंट. इथे आपल्याकडच्या लोकांची विकेट पडते. यूपीआय चालत नाही. रुपे कार्ड बहुतेक वेळा चालत नाही. व्हिसा किंवा मास्टरकार्ड असेल तरी बँकेच्या ॲपमध्ये जाऊन आंतरराष्ट्रीय ऑनलाइन व्यवहार चालू करावे लागतात, नवीन कार्डांवर ते मुळात बंदच येतात, रिझर्व्ह बँकेचा २०२० पासूनचा नियम आहे तो. लिमिटही तिथेच सेट करा, दहा हजार पुरे. काम झालं की परत बंद करून टाका. बिल येईल त्यात बँकेचा परकीय चलनाचा मार्कअप आणि त्यावर जीएसटी धरून दोनेकशे रुपये वर जातील, दचकू नका. माझं पेमेंट पहिल्यांदा तीनदा फेल झालं, मी वेबसाइटला दोष देत बसलो, शेवटी भाच्याने फोन हातात घेतला आणि ते टॉगल चालू केलं. मामा, तुम्ही सेटिंग्जमध्ये जातच नाही, म्हणाला.

नाव मात्र स्वतःचंच, खरं. एका माणसाला एकच मत. बायकोच्या, मेहुण्याच्या, सोसायटीच्या वॉचमनच्या नावाने मेंबरशिप काढायची आयडिया डोक्यात आली असेल तर आत्ताच काढून टाका. २०२४ साली ग्लासगोच्या वर्ल्डकॉनमध्ये मतमोजणी करणाऱ्यांनी ३७७ मतं बाद केली, कारण एकाच फायनलिस्टला जिंकवण्यासाठी कोणीतरी पैसे भरून सभासद उभे केल्यासारखं दिसत होतं. पकडले कसे गेले तर नावांवरून, काही नावं अशी की फक्त पहिलं अक्षर बदलत एबीसीडीने पुढे सरकत होती, काही नावं म्हणजे चक्क लागोपाठच्या आकड्यांची भाषांतरं. आपल्याकडे मतदारयादीत एकाच खोलीत पन्नास जण राहतात ना, त्याची ही परदेशी आवृत्ती.

पायरी दुसरी: वर्षभर वाचा आणि टिपून ठेवा

नॉमिनेशन असतं आधीच्या कॅलेंडर वर्षात प्रसिद्ध झालेल्या साहित्याचं. म्हणजे २०२६ च्या सुरुवातीला नॉमिनेट करायचं तर ते २०२५ मध्ये आलेलं हवं. आणि मार्चमध्ये फॉर्म उघडून बसलं की वर्षभरात काय वाचलं तेच आठवत नाही, हा सार्वत्रिक अनुभव आहे. म्हणून फोनवर एक नोट करून ठेवा: नाव, लेखक, कुठे छापलं, कधी. मी शेजारी एक शब्दही लिहितो, 'मस्त', 'ठीक', 'रडलो'. जानेवारीत उघडलं की 'रडलो'वाल्या कथा आधी टाकायच्या.

प्रकार शब्दसंख्येवर ठरतात आणि ते डोक्यात बसायला थोडा वेळ लागतो. साडेसात हजार शब्दांच्या आत शॉर्ट स्टोरी. साडेसात ते साडेसतरा हजार नॉव्हेलेट, याला मराठीत आपण दीर्घकथा म्हणू. साडेसतरा ते चाळीस हजार नॉव्हेला. चाळीस हजारांच्या पुढे नॉव्हेल. शिवाय मालिकेसाठी बेस्ट सीरिज आहे, त्यात किमान तीन भाग आणि सगळे मिळून २,४०,००० शब्द लागतात. सिनेमे, एपिसोड, चित्रकार, संपादक, फॅन लेखक यांचे वेगळे प्रकार आहेत पण त्यात मी फारसा पडत नाही, जे कळत नाही तिथे रिकामं सोडतो. रिकामं सोडलं तरी चालतं बरं का, सगळे रकाने भरायलाच पाहिजेत असं काही नाही.

वाचायला पैसे लागतात असं वाटत असेल तर थांबा. क्लार्क्सवर्ल्ड, लाइटस्पीड, अनकॅनी, स्ट्रेंज होरायझन्स, बिनीथ सीसलेस स्काइज, रिॲक्टर ही सगळी मासिकं ऑनलाइन आहेत आणि तिथे कथा फुकट वाचायला मिळतात. यातलं बिनीथ सीसलेस स्काइज तर खास दुसऱ्या जगातल्या फँटसीसाठीच आहे, म्हणजे राजेराण्या, मंत्रतंत्र, नकाशावर नसलेले देश असलं आवडणाऱ्यांनी तिथूनच सुरुवात करा. फेब्रुवारीत लोकस मासिक वर्षातल्या उल्लेखनीय साहित्याची लांबलचक यादी देतं, ती चाळली की राहिलेलं कळतं. पण त्याच यादीवर टिकमार्क करत नॉमिनेशन भरू नका. त्या यादीत असलेल्या कथांना तुमची गरज नसते. जी कथा तुम्हाला आवडली आणि कुठल्याच यादीत दिसली नाही तिला असते.

आणि मराठी कथा?

इथे जरा रेंगाळतो, कारण हे कोणालाच माहीत नसतं. ह्युगोला भाषेची अट नाही. कुठल्याही देशात कुठल्याही भाषेत छापलेली कथा पात्र आहे. म्हणजे यंदाच्या दिवाळी अंकात तुम्ही एखादी जबरदस्त अद्भुतकथा वाचली, कोकणातल्या विहिरीतली जलपरी म्हणा नाहीतर सातारच्या घाटात वाट बदलणारा डोंगर म्हणा, तर जानेवारी ते मार्चमध्ये ती बिनधास्त नॉमिनेट करता येते. दिवाळी ऑक्टोबर-नोव्हेंबरात, नॉमिनेशन लगेच नवीन वर्षात, टायमिंगही आपल्या सोयीचं. वर तिचं पुढे कधी इंग्रजी भाषांतर झालं तर ज्या वर्षी पहिल्यांदा इंग्रजीत येईल त्या वर्षासाठी ती पुन्हा पात्र होते. एकाच कथेला दोन संधी. लिउ सिशिन यांची चिनी कादंबरी २०१५ साली बेस्ट नॉव्हेल जिंकली ती या भाषांतराच्या नियमामुळेच, मूळ चिनीत ती कित्येक वर्षं आधी आली होती.

चिनी वाचकांनी नंतर दाखवून दिलं की हे नुसतं कागदावर नाहीये. २०२३ चं वर्ल्डकॉन चेंगडूला झालं, त्या वर्षी आणि पुढच्याही वर्षी फायनलिस्टांच्या यादीत चिनी साहित्य होतं. मराठीचं अडतं ते नियमात नाही, संख्येत. शॉर्ट स्टोरीसारख्या प्रकारात शेवटच्या जागेवर यायला शंभरच्या आतली नॉमिनेशन्सही पुरलेली आहेत. शंभर मराठी वाचक! एका दिवाळी अंकाच्या प्रकाशन समारंभाला चहा-बटाटवड्यासाठी येतात त्याहून कमी. पण त्या शंभरांनी प्रत्येकी साडेचार हजार भरायचे आणि ती कथा स्वतः वाचून, आवडली म्हणून टाकायची, तिथे घोडं अडतं. व्हॉट्सॲपवर 'आपल्या मराठी माणसाला जिंकवा' असा फॉरवर्ड फिरवून हे करायचं असेल तर कृपा करून करू नका, त्याचं काय होतं ते पुढे सांगतो.

मराठी कथा फॉर्ममध्ये भरताना माझी पद्धत अशी: नाव देवनागरीत, शेजारी रोमन लिपीत उच्चार, मग लेखकाचं नाव तसंच दोन्ही लिपींत, आणि 'कुठे प्रसिद्ध' या रकान्यात अंकाचं नाव, वर्ष, असेल तर लिंक. मोजणाऱ्या माणसाला मराठी येत नसणार, त्याला ती कथा खरंच आहे आणि त्या वर्षीची आहे एवढं शोधता आलं पाहिजे. शब्दसंख्येचा अंदाज घ्यायला एका पानावरचे शब्द मोजा आणि पानांनी गुणा, दिवाळी अंकातली बरीचशी कथा शॉर्ट स्टोरीतच बसते.

(जाता जाता. आपल्याकडे नाव झाकून बक्षीस मिळवायची भारी गोष्ट आहे. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला १९७४ साली जयंत नारळीकरांनी नारायण विनायक जगताप या नावाने कथा पाठवली, स्वतःची आद्याक्षरं उलटी करून, आणि हस्ताक्षर ओळखू येऊ नये म्हणून ती बायकोकडून लिहून घेतली. पहिलं बक्षीस मिळालं. ह्युगोत बरोब्बर उलटं, इथे नाव झाकायची सोयच नाही, सगळा बाजार उघड्यावर.)

पायरी तिसरी: नॉमिनेशन

फॉर्म साधारण जानेवारी-फेब्रुवारीत उघडतो आणि मार्चच्या मध्याला बंद होतो, नेमकी तारीख दरवर्षी बघायची. प्रत्येक प्रकारात जास्तीत जास्त पाच नावं. इथे क्रम नाही, पाचही सारखी.

मोजणी कशी होते ते कळलं की भरायची भीती जाते. समजा प्रत्येक मतदाराला एका प्रकारात एक मोदक दिलाय. तुम्ही पाच कथा लिहिल्या तर प्रत्येकीला पावपेक्षाही लहान तुकडा, एक पंचमांश. मग सगळ्यात कमी मोदक जमलेल्या दोन कथा समोरासमोर आणतात आणि त्यातली जिला कमी माणसांनी लिहिलंय ती बाद. बाद झालेल्या कथेचा तुमचा तुकडा वाया जात नाही, तुमच्या उरलेल्या चार कथांना वाटला जातो, आता प्रत्येकीला पाव. असं करत करत शेवटी सहा कथा उरेपर्यंत चालतं. तुमच्या चार कथा उडाल्या तर पाचवीला अख्खा मोदक.

यातून दोन गोष्टी निघतात. एक, तुम्हाला दोनच कथा आवडल्या असतील तर दोनच लिहा, भर घालायला तीन टाकू नका. दोन, अनोळखी लहानशी कथा लिहिली तर आपलं मत फुकट जाईल ही भीती नको, ती उडाली तर तिचा वाटा तुमच्याच दुसऱ्या कथेला जातो.

ही मोदक पद्धत २०१७ पासून आहे, आणि ती आणावी का लागली तर पॅनेलमुळे. सहकारी पतसंस्था नाहीतर साखर कारखान्याच्या निवडणुकीत 'पॅनेल टू पॅनेल शिक्का मारा' असतं ना, अगदी तस्सं २०१५ साली दोन गटांनी आपापल्या याद्या काढल्या, अमुक पाच नावं सगळ्यांनी डोळे मिटून भरा म्हणून. तेव्हा मोजणी साधी होती, जास्त नॉमिनेशन्स तो आत. काहीशे लोक एकगठ्ठा तीच पाच नावं टाकणार आणि बाकी हजारोंची मतं शेकडो कथांत विखुरलेली, त्यामुळे कित्येक प्रकारांत पॅनेलवाल्यांनी अख्खी यादीच खाल्ली. मोदक पद्धतीत एकगठ्ठा मतांचे तुकडे आपसातच वाटले जातात, म्हणून आता अख्खं पॅनेल निवडून आणणं अवघड झालंय. एखादं नाव अजूनही घुसू शकतं. म्हणूनच वर म्हटलं, फॉरवर्ड फिरवू नका. आपल्या एका चांगल्या कथेला कायमचा बट्टा लागेल आणि बिचाऱ्या लेखकाला त्यातलं काही माहीतही नसेल.

पायरी चौथी: पॅकेट

मार्चअखेरीस नाहीतर एप्रिलमध्ये सहा-सहा फायनलिस्ट जाहीर होतात, आणि मग काही आठवड्यांनी सभासदांना येतं ह्युगो व्होटर पॅकेट. यात फायनलिस्ट साहित्याच्या फाइल्स असतात, कथा, नॉव्हेला, बऱ्याचदा कादंबऱ्यासुद्धा, ईपब आणि पीडीएफमध्ये. प्रकाशक स्वखुशीने देतात म्हणून सगळं मिळेलच असं नाही, कधी कादंबरीची पहिली काही प्रकरणंच असतात. तरीही नुसत्या हार्डकव्हर कादंबऱ्यांच्या किमती ऑनलाइन बघा, साडेचार हजार तिथेच वसूल. फाइल्स मत देण्यापुरत्या दिलेल्या असतात, त्या टेलिग्रामवर टाकू नका, एवढी तरी चाड ठेवा.

सगळं वाचून होणार नाही. हे आधीच मान्य करा. मी उलट्या क्रमाने जातो, आधी शॉर्ट स्टोरीज. सहा कथा, एकेक फार तर पाऊण तासाची, कल्याण ते सीएसएमटी एका फेरीत एक कथा आरामात होते, बसायला मिळालं तर. म्हणजे तीन दिवसांत एक अख्खा प्रकार मतदानाला तयार. मग नॉव्हेलेट, मग नॉव्हेला. कादंबऱ्यांपैकी दोन-तीन झाल्या तरी पुष्कळ. बेस्ट सीरिजच्या नादाला पहिल्या वर्षी लागू नका, तिथे सहा मालिका म्हणजे सहा वेळा महाभारत.

पायरी पाचवी: मतदान, आणि तो उलटा क्रम

इथे माझी फजिती झाली होती म्हणून सावकाश सांगतो. प्रत्येक प्रकारात सहा नावं आणि सातवं 'नो अवॉर्ड'. आवडीप्रमाणे १, २, ३ टाकायचे. १ म्हणजे सर्वात लाडकं. परत लिहितो, १ म्हणजे सर्वात लाडकं.

मोजणी अशी. सोपं करायला तीनच कथा घेऊ, राक्षसाची, जादूगाराची आणि बोलक्या मांजरीची, मतदार शंभर. पहिल्या पसंतीची मतं: राक्षस ४०, जादूगार ३५, मांजर २५. आपल्या नेहमीच्या निवडणुकीत राक्षस निवडून आला असता आणि गुलाल उधळला असता. इथे पन्नासच्या वर गेल्याशिवाय जिंकत नाही. म्हणून सगळ्यात मागची मांजर बाद, आणि तिच्या २५ मतदारांनी दुसऱ्या क्रमांकावर काय लिहिलंय ते बघायचं. त्यातल्या २० जणांनी जादूगार लिहिलाय, ५ जणांनी राक्षस. झाले जादूगार ५५, राक्षस ४५. जादूगार जिंकला. विधान परिषदेला किंवा राष्ट्रपतिपदाला पसंतीक्रमाची मतं असतात, त्याच घराण्यातली पद्धत आहे ही.

म्हणजे आवडत्या पण जिंकायची शक्यता नसलेल्या मांजरीला १ देण्यात काहीही तोटा नाही. कोण जिंकेल याचा अंदाज बांधून मत फिरवू नका, त्याचा इथे उपयोगच नाही. आणि २, ३ लिहायचा आळस करू नका, ते लिहिलं नाही तर मांजरीसोबत तुमचं मतही घरी जातं.

आता 'नो अवॉर्ड'. हा आपला नोटा, पण दात असलेला. आपल्याकडे लोकसभा-विधानसभेत नोटाला कितीही मतं पडली तरी पुढचा उमेदवार निवडून येतोच. ह्युगोत नोटा खरोखर जिंकू शकतो आणि मग त्या प्रकारात बक्षीसच दिलं जात नाही. २०१५ साली त्या पॅनेल प्रकरणानंतर सभासदांनी तब्बल पाच प्रकारांत नो अवॉर्ड निवडून आणलं. वर शेवटी अजून एक चाळणी असते, जिंकणाऱ्या कथेची एकट्या नो अवॉर्डशी झुंज लावतात, जास्त लोकांनी नो अवॉर्ड तिच्या वर ठेवलं असेल तर ती जिंकूनही हरते.

वापरायचा कसा? जिथपर्यंत 'ठीक आहे, हिला मिळालं तरी चालेल' वाटतं तिथपर्यंत क्रम द्या, त्याखाली नो अवॉर्ड, आणि त्याखाली जे मिळूच नये असं वाटतं ते. नो अवॉर्डच्या खालीही क्रम देता येतो, सगळंच फसलं तर कमी वाईट कोणतं हे सांगण्यासाठी. न वाचलेल्या कथेला मात्र नो अवॉर्डच्या खाली ढकलू नका, ते अन्यायाचं आहे. काहीच वाचलं नसेल तर तो प्रकार कोरा ठेवा.

बॅलटवर लोडस्टार आणि अस्टाउंडिंग अशी दोन नावं दिसतील, पहिलं किशोरवयीनांसाठीच्या पुस्तकाला, दुसरं नव्या लेखकाला. शेजारी 'हा ह्युगो नाही' असं गमतीशीर लिहिलेलं असतं. मत त्याच बॅलटवर, पद्धत तीच, फक्त रॉकेट मिळत नाही. लोडस्टारच्या यादीत जादूची पुस्तकं नेहमी भरपूर असतात, फँटसीवाल्यांनी ती सोडू नये.

मुदत. वर्ल्डकॉन अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर असेल, जसं २०२५ ला सिॲटलला होतं, तर तिथल्या उन्हाळ्यातली रात्रीची ११:५९ म्हणजे आपल्याकडे दुसऱ्या दिवशी दुपारची १२:२९. ब्रिटनमध्ये असेल तर पहाटेची साडेचार. वेळ नीट बघा आणि तरीही शेवटच्या दिवसावर ठेवू नका, शेवटच्या दिवशी सगळ्या जगाला मत द्यायचं आठवतं. मी पहिल्याच आठवड्यात कच्चं बॅलट सेव्ह करून ठेवतो आणि जसं वाचून होईल तसं बदलत जातो. दरवेळी कन्फर्मेशनचा मेल येतो, तो उघडून एकदा वाचा, १ कुठे पडलाय ते बघा.

निकाल, आणि त्यानंतरचा खरा मजा असलेला कागद

समारंभ वर्ल्डकॉनमध्ये, बहुतेक ऑगस्टमध्ये, लाइव्ह दाखवतात. अमेरिकेत असला तर आपल्याकडे सकाळ असते, चहा घेऊन बघता येतो. भाषणं लांबतात.

पण खरी चीज म्हणजे नंतर येणारी आकडेवारीची पीडीएफ. कुठल्या फेरीत कोण बाद झालं, कोणाची मतं कुठे गेली, आणि फायनलमध्ये न आलेल्या पुढच्या काही नावांना किती नॉमिनेशन्स होती, सगळं छापलेलं. चेंगडूचा घोळ याच कागदामुळे उघडा पडला. २०२३ ची आकडेवारी जानेवारी २०२४ मध्ये आली तेव्हा लोकांना दिसलं की आर. एफ. क्वांग यांच्या कादंबरीसह काही नावांना भरपूर नॉमिनेशन्स असूनही समोर नुसतं 'अपात्र' लिहिलंय, कारण काहीच नाही. नंतर ईमेल्स बाहेर आल्या आणि कळलं की मोजणारी मंडळी लेखकांनी चीनबद्दल काय लिहिलंय ते तपासत बसली होती. प्रचंड गदारोळ झाला. २०२४ वाल्यांनी त्या ३७७ मतांचं प्रकरण निकालाआधीच स्वतःहून जाहीर केलं त्यामागे ही पार्श्वभूमी होती. तेव्हा हे बक्षीस धुतल्या तांदळासारखं आहे असं मी म्हणणार नाही. पण तांदूळ निवडायला आपल्यासमोर सुपात टाकतात हे मात्र आहे.

त्या पीडीएफमध्ये मी आधी नॉमिनेशनची पानं उघडतो आणि खाली खाली जात माझी एखादी लाडकी कथा सापडते का बघतो. एका वर्षी सापडली होती, फायनलच्या बाहेर, पण यादीत होती, आणि समोरच्या आकड्यातला एक माझा होता.

तेव्हा निकालानंतर मेंबरशिपचा मेल डिलीट मारू नका. तुम्ही सभासद होतात याची नोंद त्यातच असते आणि पुढच्या वर्षीच्या नॉमिनेशनच्या वेळी ती हाताशी असलेली बरी. मी त्याला 'ह्युगो, फेकू नये' असं लेबल लावून ठेवलंय, गॅसच्या पासबुकावर आई लिहून ठेवायची तसं.